रिळावरची हळद

१८ ऑगस्ट

आज रीळ आलं. पत्र्याचा चपटा डबा, डब्याभोवती जुनं धोतर, धोतरात वाळलेला लिंबाचा पाला आणि हे सगळं एका मिठाईच्या खोक्यात. झाकण उघडलं तर लोणचं नासल्यासारखा असा भपका आला की डोळ्यांत पाणीच आलं. फिल्म मरायला लागली की तिला हा आंबट वास सुटतो. एकदा सुटला की थांबत नाही. थंडाव्यात ठेवलं तर मरण थोडं लांबतं, एवढंच.

रीळ बहात्तरच्या दुष्काळातलं आहे. रोजगाराच्या कामावरच्या माणसांचं शूटिंग, काळं-पांढरं, मुकं. राजेंद्र नावाचा पुण्याचा एक माहितीपटवाला त्या दुष्काळावर फिल्म करू राहिला. त्याला हे मुकुंदवाडीत एका म्हाताऱ्याकडं सापडलं आणि कुणीतरी माझं नाव सांगितलं. "गोकुळकाका, याची दुसरी प्रत जगात नाही," म्हणाला. मी म्हणालो, "माझ्याकडं येणाऱ्या लग्नाच्या कॅसेटींची तरी कुठं असते?" तोंडानं असा आव आणला, पण डबा दोन्ही हातांनी उराशी धरला होता.

सारी नोकरी वाळूजला तपासणी खात्यात गेली. पार्टवर केसाएवढा ओरखडा दिसला की लाल शिक्का. माघारी लोक मला 'रिजेक्ट मामा' म्हणायचे आणि खरं सांगायचं तर मला ते आवडायचं. आता रिटायर झाल्यावर बजाजनगरच्या घरात पुढच्या खोलीत जुन्या कॅसेटी, फिल्मा कॉम्प्युटरवर उतरवायचा जो धंदा मांडलाय, त्यात ओरखड्याशिवाय मालच येत नाही. देवालाही माझी थट्टा करायची हौस आहे.

मशीन मी स्वतः बनवलंय. नेहमीच्या मशीनला दाते असतात. ते फिल्मच्या भोकांत अडकतात आणि तिला ओढतात. जुनी फिल्म आकसलेली असते, भोकं दात्यांवर बसत नाहीत, मग टरकन फाटते. म्हणून मी लेथवाल्याकडून गुळगुळीत रूळ करून घेतले. रूळ फिल्मला हळूहळू सरकवतात, कॅमेरा एकेका चित्राचा फोटो घेतो, कॉम्प्युटर ते जोडतो. पण या रिळाची तब्येत बघता ते मशीनमधून एकदाच जाईल. दुसऱ्यांदा घालायला गेलो तर हातात भुसा येईल.

सायलीचा फोन आला होता. नोव्हेंबरात सत्यमशी रजिस्टर लग्न पक्कं. सह्या, हार आणि जेवण. "बाबा, बाकी खरंच काही नको ना तुम्हाला?" म्हणाली. मी म्हणालो, "अजिबात नको. सुटसुटीत बरं." पोरगी समजूतदार आहे, माझ्यावर गेलीय.

२१ ऑगस्ट

समोरच्या साळूबाई वासाची तक्रार घेऊन आल्या. या बाई ओट्यावर बसून सारा दिवस गल्लीची हजेरी घेतात. लेक कंपनीत, सून पार्लरात, मग बाईंना दुसरं काम काय?

"अवो गोकुळभाऊ, लोणचं नासलं का काय तुमचं?"

"लोणचं नाही मावशी, फिल्म आहे. बहात्तरच्या दुष्काळाची."

बाईंनी पदर तोंडाला लावला. मला वाटलं, शरमल्या. मग म्हणाल्या, "त्यात मान्सं दिसत्यात?"

"माणसांचीच तर आहे."

"आन् पोरं?"

"असतील पोरं पण."

यावर त्या उठून गेल्या. वासाचं पुढं काही बोलल्याच नाहीत. बरं झालं, एक कटकट मिटली.

२४ ऑगस्ट

आज डोक्याला ताप. रिळाच्या एका कडेवर पिवळा-तांबडा थर दिसत होता. बुरशी समजून भिंग लावलं. बुरशी कसली! हळदीकुंकू!

ताबडतोब मुकुंदवाडीच्या त्या म्हाताऱ्याला फोन लावला. दुपारपर्यंत कारभारीकाका रिक्षानं हजर. ऐंशीच्या पुढचं वय, डोक्यावर कडक टोपी. हे पूर्वी सरकारी प्रचाराच्या गाडीवर होते. गावोगाव पडदा बांधायचा, सिनेमा दाखवायचा. दुष्काळाच्या साली गाडीबरोबर एक कॅमेऱ्यावाले साहेब फिरले, त्यांनी हे शूटिंग केलं. त्याची फिल्म कधी झालीच नाही. रीळ गाडीत पडून राहिलं, ते यांनी घरी नेलं.

"काका, फिल्मला हळदीकुंकू लावतात का?"

"दर खंडेनवमीला लावतो. प्रोजेक्टरला, रिळाला, पडद्याच्या बांबूला. फूल ठेवतो, निवद दाखवतो. रोजीरोटीचं हत्यार हाय ते."

"अहो पण फिल्मला?"

"मग काय पावडर लावू?"

"आणि पाण्यात कालवून लावली?"

"हळद काय कोरडी लावतेत?"

मी कपाळावर हात मारला. "काका, त्या पाण्यानंच ही सडली! दर साली तुम्ही हिला थोडं थोडं मारत आलात."

म्हातारा जराही चिडला नाही. टोपी काढली, गुडघ्यावर ठेवली. "साहेब, गाडीवर असली लई रिळं व्हती. ज्याची पूजा नाय झाली ते समदं भंगारात गेलं. काही पोरांनी जाळलं, काहीच्या बायांनी कंदिलाच्या झालरी केल्या. हे देव्हाऱ्याखाली व्हतं म्हनून कुनी हात नाय लावला."

मी उठून चहा ठेवला.

३१ ऑगस्ट

रीळ हातानं उलगडायला लागलोय. खालून उजेड येणाऱ्या काचेवर फिल्म ठेवायची, भिंगातून बघायची, बोटानं पुढं सरकवायची. हातानं तिची तक्रार नाही, ताण मशीनमध्ये पडतो. खिडकीला काळा कपडा लावलाय. कूलरचा एकच सूर. दुपार कधी सरते कळत नाही.

माणसांची लांबच लांब रांग आहे. डोक्यावर पाट्या. पाटीतून माती सांडते ती धुरासारखी हवेतच राहते. एका बाजूला बाया खडी फोडतात, हातोडी वर जाते, खाली येते आणि आवाज नाही. इतकी माणसं आणि आवाज नाही. मी दोनदा कूलर बंद करून ऐकलं.

आणि मधेच पिवळा फुलोरा. हळदीचं पाणी कडेवरून आत झिरपलंय, सगळ्या वेढ्यांतून एकाच जागी. त्यामुळं वेढा उलगडला की पुन्हा तीच हळद येते. बाहेरच्या मोठ्या वेढ्यांत लांब लांब, आतल्या लहान वेढ्यांत जवळ जवळ. काळ्या-पांढऱ्या माणसांवर ती पिवळी येते, पसरते आणि जाते. असा नियमित डिफेक्ट मी जन्मात बघितला नाही.

जेवण करून पुन्हा बसलो तर तिथंच डुलकी लागली. ती रांग काचेवरून उतरून माझ्या खोलीतून चालली होती. दारातून गल्लीत, गल्लीतून पार कंपनीच्या गेटाकडं. सगळे माझ्यासमोर पाट्या उतरवत होते आणि मी प्रत्येकाला निरखून पुढं सोडत होतो. रांगेत सायलीची आई, संध्या होती, आजारपणाच्या आधीची, हिरव्या लुगड्यात. मी म्हणालो, "थांब, तुला बघू दे." ती हसली आणि पाटी न उतरवताच पुढं गेली. जागा झालो तेव्हा तोंड कोरडं पडलं होतं आणि बोटाला आंबट वास येत होता.

५ सप्टेंबर

जमलं! कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये भिजवून कोऱ्या टोकावर फिरवला, हळद सुटली. पिवळाधमक बोळा. खाली फिल्म लख्ख. राजेंद्रला फोटो पाठवला, त्याचा लगेच अंगठा. आता बाहेरच्या वेढ्यापासून आत जायचं, एकेक डाग टिपायचा. घाई करायची नाही. खूप दिवसांनी शिट्टी वाजवली.

९ सप्टेंबर

साळूबाई ताक घेऊन आल्या. हल्ली एक दिवसाआड येतात. ताकाचं निमित्त, नजर सगळी काचेवर. "झालं का भाऊ?" "नाही अजून." "किती राह्यलं?" मला कामात कुणी डोक्यावर उभं राहिलेलं चालत नाही. कंपनीत मॅनेजरला सुद्धा हाकललंय मी. पण यांना काय म्हणणार?

आज जाता जाता उंबऱ्यात थांबून म्हणाल्या, "पितरं चालू झाली. का वो भाऊ, लहान लेकरांची पितरं कोन घालतं?"

मी म्हणालो, "मला काय माहीत मावशी, गुरुजींना विचारा." कामाच्या वेळी माणसाला काय काय सुचतं!

१३ सप्टेंबर

आज वाईट झालं.

तिसऱ्या दिवसापासून जसा आत जातोय तशी फिल्म नाजूक होतेय. एक म्हातारा होता, पागोटं बांधलेला, कुदळीवर हनुवटी टेकून उभा. त्याच्यावरची हळद टिपली आणि बोळा उचलला तर म्हातारा काचेवर नव्हता. चेहरा बोळ्यावर आला होता. हळदीच्या आत काळा ओघळ, तोच तो. शेजारच्या चित्रात म्हातारा आहे, त्याच्या पुढच्यात पण आहे. मधे एक भोक.

बोळा टाकवेना. बशीत ठेवलाय.

राजेंद्रला सांगितलं. तो म्हणाला, "काका, एखादी फ्रेम गेली तर कुणाला कळणार नाही. पण पिवळे डाग चालायचे नाहीत हो. दुष्काळ आहे तो, रंगपंचमी नाही." पुण्यात बसून उंटावरून शेळ्या हाकायला काय जातं! पण खोटं कशाला लिहू, मलाही ते डाग बघवत नाहीत. स्वच्छ माल द्यायचा, हाच एक धर्म पाळला आजवर. पुढं काढणार. फक्त बोळा आणखी हलका धरायचा.

१७ सप्टेंबर

सकाळी चौकात मुक्तिसंग्रामाचं झेंडावंदन करून आलो. आल्यावर सायलीशी बोललो. साड्या झाल्या, हॉल झाला. मग म्हणाली, "सत्यमच्या आई घरच्या घरी थोडीशी हळद लावणारेत त्याला. आपल्याकडं... तुम्हाला काय वाटतं बाबा?"

मी हसलो. म्हणालो, "अगं, हळदीचे डाग निघता निघत नाहीत. मी सध्या तेच करू राहिलो!" आणि तिला सगळी रिळाची गोष्ट सांगितली.

"बरं बाबा," म्हणाली. नंतर काही वेळ काहीच बोलली नाही. रेंज गेली असणार.

चार दिवस झाले, पाऊस थांबायचं नाव नाही. ओल रिळाला वाईट. डब्यात तांदळाच्या पुरचुंड्या ठेवल्या.

१९ सप्टेंबर

कारभारीकाका स्वतःहून आले. त्यांना शूटिंगच्या जागेचं नाव आठवलं होतं आणि ते फोनवर सांगून त्यांचं भागणार नव्हतं. "खडकाळ्याचा तलाव! खडकाळ्याचा पाझर तलाव, साहेब! मोठी बाभळ व्हती, तिच्याखाली आमची गाडी लावली व्हती." ऐकायला कमी येतं, म्हणून ते ओरडूनच बोलतात.

साळूबाई ताकाचा तांब्या घेऊन दारात आलेल्या. तिथंच खाली बसल्या. मला वाटलं चक्कर आली. पाणी दिलं, ते घेतलं नाही.

"खडकाळ्याच्या तळ्यावर म्या व्हते," म्हणाल्या. "खडीवर. बाभळीच्या अंगाला."

कारभारीकाका टोपी नीट करून त्यांच्याकडं बघत राहिले.

"गाडी आल्ती. एक साहेब डोळ्याला डबा लावून हिंडत व्हता. मुकादम म्हनला, बाया हो, वर बघू नका, कामं करा. म्या नाय बघितलं. माझी गीती बघत व्हती. तीन वर्साची. खडीच्या ढिगावर बसवलेली, हातात खायला सुकडी दिलेली. ती उठून त्या साहेबाकडं चालत गेली. म्या वरडले, गीते, माघारी फिर." थांबून म्हणाल्या, "त्याच पावसाळ्यात गेली. हगवन लागली, एका दिसात. फोटू कुठला आलाय तवा."

मग मला म्हणाल्या, "म्या लई दिस झाले इचारीन इचारीन म्हनत व्हते, भाऊ. भ्या वाटायचं. तिच्यात नसली तर?"

आणि मी मेला त्यांना नसती उठाठेव करणारी बाई समजत होतो! लेकरांची पितरं कोण घालतं, म्हणाल्या, तर गुरुजींना विचारा म्हणालो. तोंडात मारून घ्यावंसं वाटलं.

बाभळ मी बघितलीय. आतल्या वेढ्यांत आहे, अजून न पुसलेल्या भागात. तिथं लेकरंही आहेत. पण बाईंना आज काही बोललो नाही. उगाच आशा लावायची आणि निघाली नाही तर?

२० सप्टेंबर

साळूबाई न्हाऊन, नवं लुगडं नेसून आल्या. काचेवर बाभळीचा भाग लावून ठेवला होता. भिंग त्यांच्या डोळ्याला आणलं, दुसरा डोळा कसा मिटायचा ते दाखवलं. मी बोटानं फिल्म सरकवत गेलो. एक चित्र, दुसरं चित्र. बाई श्वाससुद्धा घेत नव्हत्या.

"थांबा."

थांबलो.

"ही. ही माझी गीती."

मी बघितलं. खडीच्या ढिगावर एक पोर. केस विस्कटलेले, झबलं एका खांद्यावरून घसरलेलं, मुठीत काहीतरी. सगळी माणसं खाली बघून काम करतायत आणि ही एकटी सरळ आपल्याकडं बघतेय. हसतेय.

"फुडं घ्या वो भाऊ."

पुढं घेतलं. पोर उठली. ढिगावरून उतरली. आणि हळद आली. गालांवर, कपाळावर, पुढं केलेल्या दोन्ही हातांवर. बाकी सगळं काळं-पांढरं, ही पिवळी.

"हे पिवळं काय हाय?"

मी घाईघाईनं म्हणालो, "डाग आहे मावशी. हळदीचा. काळजी करू नका, मी सगळे काढतोय, हा पण निघेल."

"हळद? आन् ही कुनी लावली?"

"कारभारीकाकांनी. रिळाची पूजा करायचे ना, खंडेनवमीला."

"एकदाच?"

"दर साली."

बाईंनी भिंगावरून डोळा काढला. माझ्याकडं बघितलं. सुरकुत्यांतून पाणी वाहत होतं आणि चेहरा हसरा.

"तिन्ही पोरांच्या हळदी केल्या म्या. दर हळदीला आठवायची. म्हनायचे, तिची राह्यली." पुन्हा भिंगाकडं वाकल्या. "लागली म्हना की. माझ्या लेकीला हळद लागली."

मी फिल्म तिथंच धरून ठेवली.

"काढू नका वो भाऊ," म्हणाल्या.

त्या गेल्यावर मी बशीतला तो बोळा बघितला. स्पिरिटच्या बाटलीला बूच लावलं आणि बाटली माळ्यावर टाकली.

२१ सप्टेंबर

सर्वपित्री अमावास्या. संध्याचं पान ठेवलं. शेजारी एक लहान पान ठेवलं. गुरुजींना विचारलं नाही.

२६ सप्टेंबर

आज रीळ मशीनमधून गेलं.

ओल होती, पण वाट बघण्यात अर्थ नव्हता. कडा करकरायला लागल्या होत्या. रूळ पुसले, वेग सगळ्यात कमी ठेवला. बाहेरचा भाग गेला, मी स्वच्छ केलेला. लख्ख. तो बघून पूर्वी छाती फुगली असती. पागोट्याच्या म्हाताऱ्याजवळ भोक आलं आणि पडदा क्षणभर पांढरा झाला, तेव्हा नजर खाली गेली.

बाभळ आली. पोर आली. मी हात जोडून उभा होतो, हे मला नंतर कळलं. उठली, उतरली, हळद आली, गेली, चालत पुढं आली, हळद आली. मोठी मोठी होत सगळा पडदा तिनंच भरला. मग हात कॅमेऱ्यापर्यंत आले आणि अंधार. साहेबानं कॅमेरा खाली घेतला असणार. कुणास ठाऊक, उचलूनही घेतलं असेल पोरीला.

पुढच्याच वेढ्यात आवाज आला, पापड मोडल्यासारखा. मशीन बंद करेपर्यंत फिल्म तीन ठिकाणी तुटली होती. काढायला गेलो तर बाभळीचा सगळा भाग चुऱ्यासारखा हातात आला. आत थोडं राहिलं होतं, ते गेलं. जे मिळालं ते मशीनच्या पोटात आहे, तेवढंच आता आहे. तीन ठिकाणी कॉपी करून ठेवली आणि मग पाणी प्यायलो.

२८ सप्टेंबर

कॉपी दाखवायला भाड्यानं प्रोजेक्टर आणला, भिंतीवर पांढरी चादर लावली. साळूबाई पुढं, कारभारीकाका मागं खुर्चीत. पडदा त्यांनीच बांधला, माझी गाठ त्यांना पसंत नव्हती. लावलं.

भिंगात चित्र वेगळं आणि भिंतीवर माणसाएवढं चालतं-बोलतं वेगळं. बोलतं कुठलं, मुकंच. पण साळूबाईंनी गीतीला उठताना बघितलं आणि त्यांच्या तोंडून आवाज निघाला, "हलती वं."

पोर जरा फेंगडी चालत होती. एक पाऊल बाहेर टाकत, पोट पुढं काढून.

"अशीच चालायची," साळूबाई म्हणाल्या. "तोंड याद व्हतं मला. चालायची कशी ते इसरले व्हते. अशी चालायची बघा. अशी."

हळद यायची, पसरायची, जायची. मी पुन्हा लावलं. पुन्हा लावलं. दिवस मावळला तरी लावत होतो. शेवटी शेवटी ती पोर भिंतीवरून उतरून खोलीत कधी आली आणि परत कधी गेली, मला सांगता येणार नाही. कारभारीकाका टोपी हातात घेऊन रडत होते. मी पण रडलो. लिहायला लाज कसली.

३० सप्टेंबर

राजेंद्रनं बघितलं, फोन आला. "काका, अप्रतिम आहे. पण बाभळीपासून पुढचे डाग राहिलेत. मी कॉम्प्युटरवर रंग काढून टाकू?"

"रंग काढलास तर तिच्या तोंडावर काळा डाग दिसेल."

"मग तेवढ्या फ्रेम गाळतो."

मी म्हणालो, "ऐक. ती पोर जाईल तर हळदीसकट जाईल. नाहीतर त्या भागाला हात लावायचा नाही." आणि त्याला साळूबाईंची गोष्ट सांगितली.

त्यानं सगळं ऐकलं. मग म्हणाला, "तुमचं नाव देणारा म्हणाला होता, तुम्ही तर रिजेक्ट मामा ना?"

"व्हय," मी म्हणालो. "आणि हा माल पास आहे."

संध्याकाळी त्याचा मेसेज आला: हळदीसकट घेतो.

१ ऑक्टोबर, खंडेनवमी

कंपनीत आज मशीनींची पूजा असते. आम्ही मापकांना, गेजांना हळदीकुंकू लावायचो आणि दुसऱ्या दिवशी मीच ते घासून पुसायचो. आज माझ्या मशीनची केली. कारभारीकाका आले होते. मी म्हणालो, "काका, कोरडी लावा." ते म्हणाले, "साहेब, आता रीळ कुठं हाय? वली लावली तर कुनाचं काय जातं?" मग ओलीच लावली.

ते गेल्यावर सायलीला फोन केला. "उद्या दसरा. दोघं या. आल्यावर तुला हळद लावू."

"बाबा?" ती म्हणाली. "तुम्हीच म्हणालात ना, डाग निघत नाहीत?"

"म्हणालो होतो."

"मला वाटलं तुम्हाला आवडणार नाही, म्हणून मी..." मग हळूच म्हणाली, "लावणार कोण पण? आई तर नाही."

हाच प्रश्न मला संध्या गेल्यापासून येऊन येऊन जायचा आणि दर वेळी मी दुसरंच काही बोलायचो. आज उत्तर होतं. "समोर आहे एक बाई," मी म्हणालो. या वेळी रेंज गेली नव्हती. रडत होती ती.

२ ऑक्टोबर, दसरा

आज मुहूर्त बघावा लागत नाही. साळूबाई मात्र अडून बसल्या. "सवाष्णी लागत्यात वो भाऊ. म्या रांडाव बाई, माझा हात कसा चालंल?"

मी म्हणालो, "तुमच्या गीतीला कुणी लावली? त्या टोपीवाल्या बाप्यानं. ती चालली ना?"

यावर त्यांना हसू आलं. पाट्यावर ताजी हळकुंडं वाटली, ताटलीत घेतली. सायली पाटावर बसली. साळूबाईंनी आधी कपाळाला लावली, मग गालांना, मग म्हणाल्या, "हात फुडं कर बाय." सायलीनं दोन्ही हात पुढं केले आणि साळूबाईंचा हात तिथंच थांबला. मग त्यांनी सावकाश दोन्ही तळव्यांना हळद लावली, बोटाबोटाला लावली.

"बापानं पन लावावी," म्हणाल्या. मी लावली. सत्यम बिचारा दारात आपट्याची पानं धरून उभा होता, त्यालाही थोडी लावली.

पोरं आता जेवायला बसलीत, मला हाका चालू आहेत. हे लिहिताना अंगठा नीट पुसला नव्हता. पानाच्या कोपऱ्यावर पिवळा डाग पडलाय. राहू दे.